मला ओलांडून

९ सप्टेंबर
केटल रन

लोरेन,

तुझा जुना नंबर लागत नाही आणि नवा तू मला दिलेला नाहीस. सख्ख्या बहिणीला टपालपेटीचा आकडा! तोही ब्रिनकडून मिळाला, "आई, अगदी तातडीचं असेल तरच लिही," असं बजावून. तर तातडीचं असं आहे की मला माझी मुलगी परत हवी आहे.

शाळेचा निरोप समारंभ झाला त्याच दुपारी तिनं दोन बॅगा भरल्या. "लो मावशीकडे जाऊन येते," म्हणाली. मला वाटलं, आठवडाभर राहील. तुलाही कोणीतरी सोबत हवंच होतं, नाही कसं म्हणू? मीच सँडविच करून दिली. आता इकडे शाळा पुन्हा सुरू झाली. कॅफेटेरियात मी पहिल्या दिवसाचं चिकन-नूडल ढवळत होते तर एकेक बाई खिडकीशी येऊन विचारत होती, "वेंडी, ब्रिन कशी आहे? लोरेनला किती आधार झाला असेल नाही तिचा?" मी हसून हो म्हणत राहिले. मला आधार कोणाचा, हे एकीनंही विचारलं नाही.

शेल्बी गेल्यापासून तुला कोणी काही बोलू शकत नाही. जिची मुलगी गेली तिच्याशी भांडायचं कसं? आणि जिची राहिली तिनं तोंड मिटून बसायचं, हा आता गावाचा नियमच झालाय. फायर हॉलमध्ये, बंबवाल्यांच्या त्या शुक्रवारच्या मासळीच्या जेवणात, गोळीबारात पाच माणसं गेली. त्या पाच घरांना लोक अजून डबे पोचवतात. माझ्या घरी कशाला कोण येईल? माझी पोर तर चालत बाहेर आली.

तू म्हणशील, आमच्या दारातल्या पाटीमुळे ब्रिन घर सोडून गेली. पाटी डेलनं ठोकली. माझा नवरा शिकारी क्लबचा अध्यक्ष आहे, प्रत्येकाच्या अंगणात ती लागली, मग आमच्या का नको? 'आमच्या बंदुकांना हात लावू नका' एवढंच तिच्यावर आहे. शेल्बीचं नाव नाही, तुझं नाही. डेल तुझ्या मुलीच्या शवपेटीला खांदा देऊन चालला होता, लोरेन. हेही टीव्हीवर सांग कधीतरी.

ब्रिनला पाठव. इथल्या कॉलेजात तिची जागा जानेवारीपर्यंत राखून ठेवतो म्हणालेत.

वेंडी


२० ऑक्टोबर

तुझं कार्ड मिळालं. चार ओळी. 'ती अठरा वर्षांची आहे, तिचं तिला ठरवू दे.' आपल्या आईनं असं म्हटलं असतं तर तू आजवर त्या ड्रायव्हरबरोबर ओहायोत असतीस.

काल रात्रीच्या बातम्यांत तुला बघितलं. डेल म्हणाला, "बंद कर." मी म्हटलं, "माझी मुलगी आहे त्यात, हात लावशील तर बघ." तू बोलत होतीस आणि ती तुझ्या खांद्यामागे उभी. तिचे केस कोणी कापले? कमरेपर्यंतचे केस होते. रोज सकाळी माझ्यापुढे स्टुलावर बसून ती वेणी घालून घ्यायची, बारावीत गेली तरी. आणि अंगावर तो हिरवा स्वेटर. मी ओळखला. नाताळला मीच तो शेल्बीसाठी आणला होता. माझ्या जिवंत मुलीला तू तुझ्या गेलेल्या मुलीचे कपडे घालतेस, लोरेन, आणि सगळं राज्य ते बघून डोळे पुसतं. मी रिमोट सोफ्यावर आपटला. डेलला वाटलं मी तुझ्या त्या बंदूक-कायद्याच्या बिलावर चिडलेय. ते बिल गेलं खड्ड्यात.

तू बोललीस छान, हे मान्य करते. 'मी चौदाव्या वर्षी आठ टोकी शिंगांचं नर हरीण मारलं होतं, मला बंदुकीचं भय शिकवू नका,' म्हणालीस. समोरच्या बातमीदारानं पुढचा प्रश्नच बदलला. मला मात्र तो दिवस आठवला. बाबा तुला घेऊन पहाटे जंगलात गेले आणि मला म्हणाले, "वेंडी, तू आईला सॉसेज करायला मदत कर." संध्याकाळी अख्खी आळी तुझ्याभोवती जमली आणि माझ्या हाताला लसणाचा वास. तेव्हापासून हे असंच आहे. चांगलं असो वा वाईट, घडतं ते तुझ्या बाबतीत.

आता लिहायला बसलेच आहे तर तेही लिहिते.

त्या संध्याकाळी आपण सगळे हायस्कूलच्या जिममध्ये बसलो होतो. आठवतं? तू माझा हात धरला होतास. एकेक मूल दारातून आत यायचं आणि त्याची आई धावायची. मग ब्रिन आली. पायांत मोजे फक्त, पुढचा अॅप्रन तसाच. मी उठले, दोन्ही हात पसरले. ती माझ्याकडे बघत होती, शपथेवर सांगते, बघत होती. आणि मला ओलांडून तुझ्याकडे गेली. तुझ्या गळ्यात पडली आणि तुझ्या कानात काहीतरी बोलली, आणि तू जमिनीवर बसलीस. मी हात पसरून तशीच उभी.

मला कळतं. तिला तुला सांगायचं होतं. ते सांगून झालं की ती माझ्याकडे वळेल असं मला वाटलं होतं. ती अजून वळायची आहे.

वेंडी


१ डिसेंबर

थँक्सगिव्हिंगला टर्की केली. तेरा पौंडी, सवयीनं. आम्ही दोघंच होतो. डेलची बहीण म्हणे, "दुसरीकडे जायचंय." डेलनं प्रार्थना म्हणायला सुरुवात केली आणि 'आमच्या मुलांना' या शब्दाशी थांबून बटाटे वाढून घेतले.

ब्रिननं फोन केला. आवाज बसलेला. मी विचारलं, "सर्दी झालीय?" "नाही गं, बोलून बोलून." कोणाशी एवढं बोलतेस, म्हटलं. तर म्हणे, "लोक असतात." माझ्याशी मात्र मोजकंच.

आज हरणांच्या शिकारीचा पहिला आठवडा संपला. दरवर्षी डेलचे मित्र पहाटे आमच्या स्वयंपाकघरात बूट घालून नाचायचे, मी अंडी तळायची. यंदा दोघंच आले. शाळेनं नेहमीप्रमाणे सोमवारी सुट्टी दिली आणि दिवसभर टेकडीवरून गोळ्यांचे आवाज येत राहिले. शाळेसमोरची म्हातारी मिसेस क्रामर, तिचा नातू होता फायर हॉलमध्ये, ती तळघरात जाऊन बसली. मी तिच्याकडे सूप घेऊन गेले. दोघी तळघरात बसून सूप प्यायलो. ती म्हणाली, "माझा नवरा, माझे भाऊ, सगळे शिकारी. हा आवाज मला आवडायचा गं. सणासारखा वाटायचा."

डेलला मी विचारलं, या बिलात असं आहे तरी काय? त्यानं शांतपणे सांगितलं. घरच्या माणसानं किंवा पोलिसांनी जज्जकडे जायचं, सांगायचं की हा माणूस कोणाच्या तरी जिवावर उठलाय, आणि जज्जला पटलं तर त्याच्या बंदुका काही काळ काढून घ्यायच्या. "आणि उद्या एखाद्याची सोडून गेलेली बायको चिडून खोटं बोलली तर? माणसाची बाजू ऐकण्याआधीच पोलीस दारात. असं चालेल तुला?" मला चालणार नाही. हे मी मनापासून लिहितेय, डेलच्या भीतीनं नाही. माझ्या डोक्यात दोन्ही बाजू आहेत आणि त्या एकमेकींशी बोलत नाहीत. आपल्यासारख्या.

पण परवाच्या वर्तमानपत्रात तुझा फोटो आला. तू व्हर्ना स्टिटचा हात धरून चर्चच्या पायरीवर बसली आहेस. व्हर्नाचा! जिच्या पोरानं शेल्बीला मारलं तिचा! खाली लिहिलंय, मुलाच्या बंदुका काढून घ्या म्हणून ती तीनदा पोलिसांकडे गेली होती, आणि कायद्यात तशी सोय नाही असं सांगून त्यांनी तिला परत पाठवलं. वाईट वाटलं. खरंच वाटलं. आणि लगेच मनात आलं, त्या बाईचा हात हिला चालतो, बहिणीच्या पत्राला मात्र चार ओळी.

मी किती हलकी झालेय बघ. एका खुन्याच्या आईचा हेवा करतेय.

वें.


३० जानेवारी

लोरेन,

तुझ्याकडून परत येऊन तीन दिवस झाले. झालेलं सगळं तुला माहीत आहे, तरी मी लिहून काढतेय. कारण तू उद्या म्हणशील, 'मी असं बोललेच नव्हते,' आणि मी म्हणेन, 'मी जळतच नव्हते.' आपण दोघी लहानपणापासून अशाच आहोत.

मी राजधानीत, हॅरिसबर्गला, बिलाच्या सुनावणीला आले ती क्लबच्या बसमधून. तुला तेवढंच दिसलं, की वेंडी नारिंगी टोपीवाल्या शिकाऱ्यांबरोबर उतरली. डेलला मी म्हटलं होतं, "मला ब्रिनला बघायचंय, बस कोणाची का असेना." बसमध्ये रे हफमन म्हणाला, "वेंडी, तुझ्या बहिणीला सांग, पोरीला असं गावोगाव दाखवत फिरू नये." मी म्हटलं, "रे, तुझ्या बायकोला सांग, तुला असं मोकळं सोडू नये." सगळी बस हसली. तुझ्या बाजूनं बोलले म्हणून मला माझाच राग आला.

सुनावणीच्या खोलीत तुम्ही डावीकडे, आम्ही उजवीकडे. लग्नात बसतात तसे. मग ब्रिनचं नाव पुकारलं.

ती माईकपुढे बसली आणि जे मला दहा महिन्यांत सांगितलं नव्हतं ते तिनं समितीतल्या त्या टायवाल्या लोकांना सांगितलं. ती आणि शेल्बी त्या शुक्रवारच्या जेवणात वाढायला उभ्या होत्या. कोबीची कोशिंबीर संपली. शेल्बी म्हणाली, मी आणते. ब्रिन म्हणाली, तू थांब, मीच आणते. ती आत गेली आणि बाहेर आवाज सुरू झाले. ती तळणीच्या भांड्यामागे पडून राहिली. मग सगळं शांत झाल्यावर रांगत बाहेर आली. शेल्बी जिवंत होती. ती म्हणाली, "ब्रिन, माझा बूट निघालाय." ब्रिननं बूट शोधला आणि तिच्या पायात घातला, नाडी बांधली. शेल्बी म्हणाली, "घट्ट नको." आणि मग काही म्हणाली नाही.

त्या टायवाल्यांतला एक खाली बघून कागद चाळत होता. मला त्याचं डोकं फोडावंसं वाटलं. आणि त्याच वेळी, देवा, मला त्याचा हेवा वाटला. माझ्या लेकीच्या तोंडून हे पहिल्यांदा ऐकायचा मान त्याला मिळाला, आणि तो कागद चाळत होता.

डेल माझ्या शेजारी होता. त्यानं टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

बाहेर व्हरांड्यात मी तिला गाठलं. कोणीतरी मागे घडीची खुर्ची पाडली आणि खाडकन आवाज झाला. मला वाटलं ब्रिन दचकेल. दचकलीस तू. तू भिंतीला चिकटून खाली बसलीस, आणि माझी अठरा वर्षांची पोर तुझ्यावर पाखरासारखी पसरली, आणि म्हणत राहिली, "खुर्ची आहे, लो मावशी. नुसती खुर्ची. बघ माझ्याकडे. श्वास घे." रोजचं काम असल्यासारखं. मग तुझी पर्स उचलली, गोळी काढली, पाणी दिलं. तेवढ्यात तिच्या खिशातला फोन वाजला. ती पाठ वळवून बोलली, "नाही, त्या बोलणार नाहीत. हो, मेली. हो, मी स्वतः पाहिलंय. नाटक नव्हतं. ठेवते."

मी विचारलं, "कोण होतं?"

"असे येतात रोज. म्हणतात, शेल्बी नावाची मुलगी नव्हतीच. किंवा म्हणतात, बरं झालं. मावशीनं ऐकू नये म्हणून मी घेते."

तिचा आवाज का बसला होता ते तेव्हा मला कळलं. इतके महिने मी समजत होते की तू माझ्या मुलीची आई झालीस. इथे तर तीच तुझी आई झाली होती.

मी बसमधून परत गेले नाही. डेलला म्हटलं, "तू हो पुढे." त्यानं पाकीट काढून माझ्या हातात दिलं आणि गेला.

त्या आठवड्यात फोन मी घेतले. मला ओरडता येतं, ते एक बरं. पहिल्याच दिवशी एकाला म्हटलं, "तुझ्या आईला माहीत आहे का रे तू असले धंदे करतोस ते? नंबर दे तिचा." त्यानं ठेवून दिला. ब्रिन सोफ्यावर खो खो हसली. किती महिन्यांनी.

आणि मग ती दुकानात गेलेली असताना, तुझ्या त्या एवढ्याशा स्वयंपाकघरात, मी सरळ म्हटलं, "लोरेन, तू माझी मुलगी घेतलीस."

तू भांडी पुसत होतीस. पुसतच राहिलीस. म्हणालीस, "ने तिला."

"म्हणजे?"

"ने म्हणतेय ना. माझ्याच्यानं बघवत नाही. ती इथे भांडी घासते आणि मी मागून बघत असते. रोज एकदा मनात येतं, ही का राहिली? कोशिंबीर आणायला माझी का नाही गेली? मी तिला स्वेटर घालायला दिला, केस शेल्बीसारखे कापून दिले, आणि मग तिनं वळून बघितलं की तिचा राग येतो, चेहरा तुझा आहे म्हणून. वेंडी, त्या जिममध्ये तू हात पसरून उभी होतीस. तुझे हात रिकामे होते, पण ती चालत होती. चालत होती ती! तुला हेवा वाटतो? माझा?"

एवढं बोलून तू ते फडकं माझ्या तोंडावर फेकलंस. मी ते परत फेकलं. मग आपण दोघी त्या फरशीवर बसून रडलो. ते आई गेली तेव्हाही जमलं नव्हतं.

हे सगळं तू बोललीस. मी शब्द बदललेला नाही.

बिल समितीतच अडलं. एका मतानं. रे हफमननं गावात फटाके उडवले. मिसेस क्रामर परत तळघरात गेली असेल म्हणून मी त्याच्या दारावर जाऊन त्याला जे बोलायचं ते बोलून आले.

वेंडी


१६ मार्च

लोरेन,

ब्रिननं तुलाही सांगितलं असेलच. आधी तुला सांगितलं की मला, हे मी विचारणार नाही. विचारणार नाही म्हटलं ना.

ती पिट्सबर्गला चालली. अॅम्ब्युलन्सवर काम करायचं शिक्षण घेणार. सांगायला इथे आली होती. मी म्हटलं, "घरीच राहा, इथून जा-ये कर." ती म्हणाली, "आई, तुझ्याकडे मी वाचलेली आहे. मावशीकडे मी उरलेली आहे. मला कुठेतरी नुसती ब्रिन म्हणून राहायचंय." मी विचारलं, "गरम कपडे आहेत का?" ती म्हणाली, "आहेत." मग म्हणाली, "वेणी घालशील? केस आता मानेपर्यंत आलेत." त्या केसांची वेणी कसली होते? उंदराच्या शेपटीएवढी झाली. पण घातली. ती स्टुलावर बसून होती आणि तिनं मला ते सगळं सांगितलं, बुटाचं, नाडीचं, पहिल्यापासून. मी ते आधी ऐकलेलं आहे असं म्हटलं नाही. पहिल्यांदाच ऐकतेय असं ऐकलं.

क्लबची सभा झाली. डेल उभा राहिला. म्हणाला, "माझा त्या बिलाला विरोध आहे, उद्याही राहील. पण व्हर्ना स्टिट तीनदा पोलिसांकडे गेली होती. तिनं चौथ्यांदा कुठे जायचं होतं, एवढं मला तुमच्यातलं कोणीतरी सांगा." निवडणुकीत रे हफमन अध्यक्ष झाला. डेल घरी येऊन म्हणाला, "वेन, मला अजून वाटतं तो कायदा चूक आहे." मी म्हटलं, "मग बरोबर कायदा कसा असतो तो तू लिही." तो चिडून गॅरेजमध्ये गेला. पण मागून वही-पेन मागायला आला.

मी काय मानते ते अजून मला धड सांगता येत नाही. पण बिल पुन्हा आलं की पुढच्या सुनावणीला मी येईन, आणि या वेळी मी डावीकडे बसेन. तू माझ्याकडे उपकार झाल्यासारखं बघायचं नाहीस. आणि व्हर्नाला मधे बसवायचं नाहीस. तुझ्या शेजारची खुर्ची माझी.

शुक्रवारी वर्ष होतंय. फायर हॉल उघडणार आहेत. काही म्हणतात पाडा, काही म्हणतात तिथेच जेवण वाढा. शेवटी जेवण वाढायचं ठरलं. मासे मी तळणार आहे. तुला यायचं नसेल तर येऊ नको, कोणी बोलणार नाही. बोललंच तर माझ्याशी गाठ आहे. पण आलीस तर मागच्या दारानं स्वयंपाकघरात ये. मला एकटीला तिथे उभं राहायला भीती वाटते. आणि तुला तर वाटेलच. तुझी खोली मी आवरून ठेवलीय, ब्रिनची नाही, पाहुण्यांची.

ब्रिनचा फोन मला रविवारी येतो. तुला कधी येतो ते मला सांगू नकोस.

तुझी,
वेंडी